दहा शिट्ट्या झाल्या तरी काळे बीन्स टणकच? आधी भिजलेला दाणा बघा

रात्रभर भिजवलेले काळे बीन्स सकाळी कुकरला लावले, सहा शिट्ट्या झाल्या, झाकण काढलं तर दाणा दाताखाली करकरतोय. मग आणखी चार शिट्ट्या. आता सालं सुटून पाण्यावर तरंगताहेत, काही दाण्यांचं पीठ झालंय आणि काही अजून तसेच टणक. रस्सा पातळ, रंग करडा. त्यात टोमॅटो, जिरं, गरम मसाला ढकलून वेळ मारून नेली की ताटात येतो तो बिघडलेला राजमा. मेक्सिकोतल्या ‘फ्रिहोलेस दे ला ओया’शी, म्हणजे हंडीत नुसत्या कांदा-मिठावर शिजवलेल्या बीन्सशी, त्याचं काही नातं उरत नाही.

एखाद्या वेळी असं झालं तर सोडून द्यावं. दर खेपेला होत असेल तर शिट्ट्या वाढवणं थांबवा आणि भिजलेला दाणा हातात घ्या. कुकर लावायच्या आधीच बहुतेक निकाल लागलेला असतो आणि तो दाण्यावर दिसतो.

पुड्यात नक्की काय आहे?

हा प्रश्न बावळट वाटेल, पण अर्ध्या तक्रारी इथेच मिटतात. हवा तो दाणा राजम्याच्या जातीचा, फासिओलस वल्गारिस. लहान, लांबट, बाहेरून काळाभोर, डोळ्याशी पांढरा ठिपका आणि फोडला तर आतून मळकट पांढरा. पाकिटावर ‘ब्लॅक टर्टल बीन’ लिहिलेलं असतं, कुठे कुठे ‘काळा राजमा’. साताऱ्याकडच्या कोरेगावचा भौगोलिक मानांकन मिळालेला वाघ्या घेवडाही याच जातीचा, त्यामुळे ज्याला घेवडा नीट शिजवता येतो त्याला हेही जमायला हरकत नाही.

काळे उडीद वेगळे, काळे हरभरे वेगळे. उत्तराखंडातून कुणी आणून दिलेलं ‘भट्ट’ असेल तर ते काळं सोयाबीन. ते कितीही घोटलं तरी रस्सा आळणार नाही, कारण सोयाबीनमध्ये स्टार्च जवळजवळ नसतोच. आणि चिनी सामानाच्या फळीवर ‘ब्लॅक बीन्स’ म्हणून जी बाटली असते तीही आंबवून खारवलेल्या सोयाबीनची. ती या पदार्थात घातलीत तर कुणालाच घास गिळवणार नाही.

मेक्सिकोतही काळा दाणा सरसकट सगळीकडे खात नाहीत. उत्तरेकडे पिंटो आणि बायो हे फिकट दाणे चालतात. काळ्याचा मुलूख म्हणजे व्हेराक्रूझ, ओआहाका, चियापास, ताबास्को, युकातान आणि देशभरची माणसं येऊन राहिलेली राजधानी. त्यातही प्रकार आहेत. व्हेराक्रूझमधल्या हामापा गावाचं नाव लागलेला ‘नेग्रो हामापा’ लहान असतो. ‘नेग्रो सान लुइस’ थोरला, त्याला वेळ जास्त लागतो. दोन वेगळ्या पुड्यांतले दाणे एका डब्यात ओतून ठेवायची सवय असेल तर ती मोडा. एक विरघळून जातो तोवर दुसरा कच्चाच असतो.

भिजलेल्या दाण्याची तपासणी

आठ तास भिजल्यावर मूठभर दाणे पांढऱ्या ताटलीत पसरा. तीनपैकी एक चित्र दिसेल.

पहिलं: बरेचसे दाणे टपोरे झालेत, पण काही मुळीच फुगलेले नाहीत, अजून लहान, गुळगुळीत, चकचकीत. हे गणंग. मटकीत, मुगात असतात तसेच. साठवणीत फार कोरडे पडल्यामुळे त्यांचं साल पाणी आत सोडत नाही. चारदोन असतील तर वेचून टाका. बरेच असतील तर भिजवायची पद्धत बदला. पाण्याला उकळी आणून बीन्स त्यात घाला, दोन मिनिटं खळखळू द्या, गॅस बंद करून तासभर झाकून ठेवा. गार पाण्याला न जुमानणारं साल गरम पाण्यात बहुधा सैल पडतं.

दुसरं: सगळे दाणे फुगलेत, पण एक दाणा मधोमध उकलून दोन दळं वेगळी केली की आतली बाजू खोलगट दिसते आणि मधला भाग पांढराफटक, कोरडा. म्हणजे पाणी आतपर्यंत पोचलेलंच नाही. थंडीच्या दिवसांत हे फार होतं. आणखी तीनचार तास द्या. पूर्ण भिजलेल्या दाण्याची दळं आतून सपाट आणि एकसारख्या रंगाची असतात.

तिसरं चित्र सगळ्यात फसवं. दाणे छान फुगलेत, दुपटीने जड झालेत, आतून सपाट आहेत, कुठेच दोष दिसत नाही. आणि तरी शिजत नाहीत. हा माल जुना आहे, आणि नुसता जुना नाही, उष्ण-दमट जागेत पडून राहिलेला आहे. दाण्यातलं फायटिक ॲसिड एरवी कॅल्शियम आणि मॅग्नेशियम धरून ठेवतं. तीस-पस्तीस अंश तापमानात, दमट हवेत महिनोन्‌महिने राहिलं की ते हळूहळू मोडतं. सुटलेलं कॅल्शियम पेशींना एकमेकींशी जोडणाऱ्या पेक्टिनला जाऊन धरतं, आणि ते पेक्टिन मग उकळत्या पाण्यातही विरघळायला तयार होत नाही. दाणा शिजणं म्हणजे मुळात हे पेक्टिन सुटणं. ते सुटलं नाही तर बाहेरून कितीही मार दिला तरी साल फाटेल, कडा झिजतील, गाभा तसाच राहील. मुंबई-कोकणातल्या पावसाळ्यात स्वयंपाकघराच्या फळीवर उघडा पडलेला पुडा या अवस्थेला लवकर पोचतो. म्हणून ‘मागच्या वेळी त्याच पुड्यातले मस्त शिजले होते’ ही तक्रारही खोटी नसते.

मेक्सिकोतल्या मंडईत बीन्सच्या गोणीत खोचलेल्या पाटीवर भावाच्या जोडीला ‘नुएवो’ असा शब्द पुष्कळदा दिसतो. नवा, या हंगामातला. गिऱ्हाईकं त्यावरून वाद घालतात, मूठभर दाणे तळहातावर घेऊन चकाकी बघतात, कधी दाताने चावून बघतात. आपल्याकडे ती सोय नाही. पाकिटावर असते ती पॅकिंगची तारीख आणि तिचा सुगीशी काही संबंध नाही. तेव्हा मोठा पुडा घ्यायच्या आधी लहान घ्या, पाहुणे बोलावण्याच्या आधी मूठभर शिजवून बघा. चांगला निघाला तर त्याच खेपेतला आणखी आणून हवाबंद डब्यात फ्रीजमध्ये ठेवा. जागा अडते, मान्य, पण दाणा बिघडत नाही.

पाणी

दाणा नवा आहे याची खात्री असेल आणि तरीही रड असेल, तर नळाकडे बघा. बोअरच्या पाण्यात डाळ शिजत नाही हे आपल्या आज्यांना कुणी शिकवावं लागलं नाही. कारण वर सांगितलं तेच, फक्त कॅल्शियम या वेळी बाहेरून येतं. इलेक्ट्रिक किटलीच्या तळाशी पांढरा थर बसत असेल, साबणाला फेस येत नसेल, तर पाणी जड आहे. भिजवायला आणि शिजवायला दोन्हीला आरओचं पाणी वापरा. नुसतं शिजवायला चांगलं पाणी घेऊन भागत नाही, कारण भिजताना दाणा जे पाणी पितो तेच त्याच्या आत जातं. आरओ नसेल तर पाणी दहा मिनिटं उकळून गार करा आणि वरवरचं निवळलेलं घ्या. जडपणाचा एक भाग उकळल्यावर खाली बसतो.

आणि एक गोष्ट उंचीची. मेक्सिको सिटी समुद्रसपाटीपासून सुमारे २,२४० मीटरवर आहे. तिथे पाणी ९२-९३ अंशांनाच उकळतं आणि त्यामुळे उघड्या भांड्यात बीन्स शिजायला जास्त वेळ लागतो. तिथल्या घराघरात ‘ओया एक्स्प्रेस’, म्हणजे साधा प्रेशर कुकरच, असतो त्यामागे हेही कारण आहे. तिथल्या माणसाने लिहिलेल्या कृतीतले तीन तास मुंबईत लावले तर लापशी होईल. कृतीतले तास बाजूला ठेवा, दाणा चावून ठरवा.

आंबट आणि गूळ कधी घालायचा

आपल्या हातून सगळ्यात जास्त घात इथे होतो. आमटी-उसळीच्या सवयीने हात आधी टोमॅटोकडे जातो, मग आमसुलाकडे, मग गुळाच्या खड्याकडे. तिन्ही दाण्याला मऊ होऊ देत नाहीत. आम्लात पेक्टिन टिकाव धरतं. गुळात आम्ल फारसं नाही, पण कॅल्शियम आहे. डब्यातल्या चिरलेल्या टोमॅटोत तर फोडी घट्ट राहाव्यात म्हणून पुष्कळदा कॅल्शियम क्लोराइड घातलेलं असतं, म्हणजे दुहेरी अडसर. आणि हल्ली सहज मिळणारा चिपोत्ले, म्हणजे धुरी दिलेल्या, मिरच्यांचा डबा? त्या मिरच्या अदोबोत, म्हणजे व्हिनेगर आणि टोमॅटोच्या मसाल्यात मुरवलेल्या असतात. ‘मी आंबट काहीच घातलं नाही, फक्त चिपोत्ले घातली’ असं म्हणणाऱ्यांसाठी हे लिहितोय.

नियम एकच: दाणा बोटचेपा होईपर्यंत आंबट, गोड काही नाही. शिजल्यावर लिंबू पिळा, टोमॅटोचा साल्सा ओता, काय हवं ते करा. आम्ल उशिरा घातल्याचा एक फायदाही आहे, पुरेसा शिजलेला दाणा मग फुटत नाही, आकार धरून राहतो.

मिठाबद्दल मात्र उगाच दहशत आहे. मीठ आधी घातलं की कडधान्य शिजत नाही असं आपल्याकडेही सांगतात आणि मेक्सिकोतही. मिठातलं सोडियम सालातल्या कॅल्शियमची जागा घेतं आणि साल उलट मऊ पडतं. पाव किलो बीन्सना एक लिटर पाणी आणि दीड लहान चमचा मीठ, यात भिजवा आणि याच पाण्यात शिजवा. साल फाटणं एकदम कमी होतं. शेवटी मीठ घालण्यामागे एकच खरं कारण आहे, रस्सा आटत जातो तसा खारटपणा वाढतो. म्हणून आधी बेताने घालून शेवटी चव बघावी.

सोडा घालावा का?

जुना माल किंवा जड पाणी, यांपैकी एक नक्की असेल तर घालावा. पाव किलोला लहान चमच्याचा आठवा भाग, म्हणजे मोठी चिमूट, भिजवतानाच. अल्कलीत पेक्टिन लवकर सुटतं. मेक्सिकोतल्या लोकांना हे फार पूर्वीपासून माहीत आहे. टेक्सकोकोसारख्या खाऱ्या तळ्यांचं पाणी आटल्यावर काठाला जो क्षार धरतो त्याला ‘तेकेस्कीते’ म्हणतात, आणि तो स्पॅनिश लोक यायच्या आधीपासून मका आणि बीन्स मऊ करायला वापरात आहे. त्यात सोडियमचे कार्बोनेट आणि साधं मीठ, दोन्ही. आपला पापडखार त्याचा जवळचा नातेवाईक.

पण सोडा फुकट काम करत नाही. जास्त झाला तर साबणाची चव येते, दाण्याचा लगदा होतो, बी-१ जीवनसत्त्व जातं, आणि काळा रंग निळसर-हिरवट करड्याकडे झुकतो. काळ्या सालात जांभळासारखं अँथोसायनिन असतं. ते आम्लात लालसर आणि अल्कलीत निळसर दिसतं. शेवटी लिंबू पिळलं की रंग बराचसा सावरतो. चांगल्या दाण्याला सोडा लागत नाही. दर वेळी लागत असेल तर दुकान बदला.

कुकर, पण मिनिटांवर

शिट्टी हे माप नाही. मोठ्या आचेवर पाच मिनिटांत सहा शिट्ट्या होतात आणि बारीक आचेवर वीस मिनिटांत दोन. पहिली शिट्टी झाली की गॅस अगदी बारीक करा आणि घड्याळ लावा. भिजवलेल्या नव्या दाण्यांना दहा-बारा मिनिटं, न भिजवलेल्यांना अर्धा तास. मग गॅस बंद करून कुकर आपोआप गार होऊ द्या. शिट्टी उचलून वाफ सोडलीत तर आतलं पाणी एकदम उसळतं आणि सालं फाटतात. वर टणक-खाली पीठ हा जो प्रकार होतो त्यातला बराचसा या घाईतून येतो.

कुकर अर्ध्याच्या वर भरू नका. बीन्सना फेस खूप येतो आणि एखादं सुटं साल शिट्टीच्या नळीत अडकलं तर धोका आहे. चमचाभर तेल घातलं की फेस बसतो. पाणी बीन्सच्या वर दोन पेरं असावं.

उघड्या भांड्यात करायची हौस असेल तर भिजवलेल्यांना तास-दीड तास, न भिजवलेल्यांना दोन ते अडीच. आच अशी की पाणी नुसतं हलत राहावं. मेक्सिको सिटीत मी राहत होतो त्या घराच्या मालकीणबाई हंडीवर झाकण म्हणून मातीचं खोलगट वाडगं पाणी भरून ठेवत. खालच्या वाफेने ते पाणी तापायचं आणि हंडीतलं कमी झालं की त्यातलंच ओतायचं. आपल्याकडे भाजीवर झाकणीत पाणी ठेवून शिजवतात, तेच तंत्र. त्या गार पाणी कधीच ओतू देत नसत. उकळी मोडली की पुन्हा यायला वेळ लागतो आणि तेवढा वेळ दाणा अर्धाकच्चा बसून राहतो. तेव्हा शेजारच्या शेगडीवर आधण ठेवा.

मातीच्या हंडीवरून आठवलं. मेक्सिकोहून कुणी चकचकीत, झिलई दिलेली हंडी भेट आणली असेल तर ती शिसेमुक्त आहे असं स्पष्ट लिहिलेलं असल्याशिवाय तिच्यात शिजवू नका. तिथल्या पारंपरिक झिलईत शिसं असतं. शोभेला ठेवा.

शिजलं की नाही हे एका दाण्यावर ठरवायचं नाही. भांड्यात वेगवेगळ्या ठिकाणचे पाच दाणे काढा. पाचही जीभ आणि टाळूमध्ये दाबल्यावर दात न लावता विरघळले पाहिजेत. चार झाले आणि एक राहिला तर शिजलेले नाहीत.

रंग करडा, रस्सा पातळ

भिजवलेलं पाणी फेकलंत ना? तिथेच रंग गेला. अँथोसायनिन पाण्यात उतरतं, म्हणून तर ते पाणी शाईसारखं जांभळं-काळं होतं. मेक्सिकोत पुष्कळ घरांत काळे बीन्स भिजवतच नाहीत. निवडून, धुऊन थेट हंडीत. दाणा नवा असेल तर मीही हेच करतो. रस्सा काळाभोर होतो आणि चवही भरते. भिजवायचेच असतील तर त्याच पाण्यात शिजवा.

पोटाला त्रास होणाऱ्यांनी पाणी फेकावं, गॅस करणाऱ्या रॅफिनोज-स्टॅचिओज या शर्करांचा एक भाग त्याबरोबर जातो. मग रंगाची तक्रार करू नये. दोन्ही एकदम मिळत नाही.

इथे एक इशारा. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी प्रथिन असतं. लाल राजम्यात सर्वांत जास्त, काळ्यात कमी, पण असतं. किमान दहा मिनिटं चांगलं खळखळून उकळलं, किंवा प्रेशरखाली शिजलं, की ते निकामी होतं. भिजवलेले कच्चे बीन्स थेट स्लो कुकरच्या मंद आचेवर लावायचे नाहीत. त्यात पाणी पुरेसं तापत नाही आणि उलट्या-जुलाबाची वेळ येऊ शकते. आधी गॅसवर उकळा, मग स्लो कुकरमध्ये घाला.

पातळ रस्सा ही सोपी गोष्ट आहे. डावभर बीन्स भांड्याच्या कडेला दाबून चिरडा, झाकण काढून पंधरा मिनिटं बारीक आचेवर उकळू द्या. कॉर्नफ्लोअर, बेसन काही नको. तासभर तसंच ठेवलं की रस्सा आणखी आळतो, आणि दुसऱ्या दिवशी तो खरा मिळून येतो. मेक्सिकोतही पहिल्या दिवशी रस्सेदार, दुसऱ्या दिवशी घट्ट, तिसऱ्या दिवशी परतून, असा एकाच हंडीचा प्रवास चालतो.

चव राजम्याची येते, मेक्सिकोची नाही

कारण आपण राजमाच करतो. आलं-लसूण वाटण, जिऱ्याची फोडणी, धणेपूड, गरम मसाला. मेक्सिकोच्या मध्य-दक्षिण भागातल्या हंडीत जिरं नसतं. ती चव टेक्सासकडची. हंडीत जातं ते इतकंच: अर्धा पांढरा कांदा न चिरता, दोनतीन लसणाच्या पाकळ्या, चमचाभर मान्तेका म्हणजे डुकराची चरबी, मीठ, आणि शेवटच्या पंधरा मिनिटांत एपासोते या तिथल्या पाल्याची एक डहाळी. शाकाहारी घरात चरबीऐवजी साधं तेल घाला. तूप मला तरी इथे चालत नाही, त्याचा वास सगळ्यावर बसतो.

एपासोतेचा वास उग्र, पहिल्यांदा हुंगणाऱ्याला रॉकेलसारखा वाटतो, आणि बीन्समध्ये तोच हवाहवासा होतो. बी मिळालं तर कुंडीत येतो. एक डहाळी पुरे, आणि त्याचं तेल म्हणून जे विकतात ते कधीही खाण्यात वापरू नका, त्यातलं ॲस्करिडोल विषारी आहे. मिळाला नाही तर नसू दे. कसुरी मेथी, ओवा असल्या बदल्या करण्यापेक्षा शेवटी कोथिंबिरीच्या काड्या घातलेल्या बऱ्या.

ओआहाकात एपासोतेच्या जागी भाजलेलं ॲव्होकॅडोचं पान पडतं. तव्यावर दोन्ही बाजूंनी काही सेकंद शेकायचं, बडीशेपेसारखा वास सुटला की हंडीत. पण हा वास मेक्सिकन जातीच्या झाडालाच असतो. बाजारातल्या हास जातीच्या ॲव्होकॅडोच्या पानाला तो जवळजवळ नाही. पान चुरगाळून हुंगा, बडीशेप आठवली नाही तर ते पान कामाचं नाही. तमालपत्राचं एक पान आणि पाव चमचा बडीशेप यावर वेळ निभते.

तिखटाचं म्हणाल तर हिरवी मिरची चिरून घालू नका, अख्खी, न फोडता सोडा आणि वाढताना काढून घ्या. युकातानमध्ये हबानेरो अशीच अख्खी सोडतात. वास उतरतो, तिखट बेताचं राहतं.

परतलेल्या बीन्सचा गोळा होतो

थोडक्यात सांगतो. बीन्स उपसून रस्सा बाजूला ठेवा. जाड बुडाच्या कढईत तेल नेहमीपेक्षा सढळ, त्यात कांद्याची जाड चकती काळपट होईपर्यंत तळून काढून टाका, मग बीन्स घालून पावभाजीच्या मॅशरने चिरडत लागेल तसा गरम रस्सा घाला. गॅसवर असताना थोडे सैलसर वाटले पाहिजेत. ताटात येईपर्यंत घट्ट होतात. कढईतच घट्ट केले तर ताटात चिखल येतो.

आज रात्री पाहुणे आहेत आणि बीन्स टणक आहेत

चिमूटभर सोडा, कपभर आधण, पुन्हा कुकर, बारीक आचेवर पंधरा मिनिटं. तरीही गाभा कच्चट असेल तर अख्ख्या दाण्याचा नाद सोडा. मिक्सरमधून बारीक वाटा, गाळणीने दाबून गाळा, तेलात परतलेल्या कांद्यावर ओतून दहा मिनिटं उकळा. युकातानमध्ये मुद्दाम असंच करतात, त्याला ‘फ्रिहोल कोलादो’, गाळलेले बीन्स, म्हणतात. पाहुण्यांना तेच नाव सांगा. वरून केसो फ्रेस्को या तिथल्या ताज्या चीजऐवजी कुस्करलेलं, मीठ लावलेलं पनीर आणि लिंबाची फोड. मक्याच्या टॉर्टिया नसतील तर भात द्या, व्हेराक्रूझकडे काळे बीन्स आणि भात ही रोजची जोडी आहे. नाचणीच्या भाकरीबरोबरही चांगले लागतात, पण ती माझी आवड.

उरलेले दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये गेले पाहिजेत. मे महिन्यात ओट्यावर रात्रभर राहिलेली हंडी सकाळी आंबलेली असते. वर बारीक बुडबुडे आणि तारेसारखा चिकटपणा दिसला तर उकळून वाचवायला जाऊ नका, टाकून द्या. फ्रीजमध्ये तीनचार दिवस राहतात. फ्रीझरमध्ये ठेवायचे तर रस्स्यासकट, कोरडे ठेवलेले बीन्स वितळल्यावर फुटतात.